मागेल त्याला काम

गोदावरीच्या खोऱ्यातील परभणी जिल्हा हा काळ्या, कसदार जमिनीचा प्रदेश आहे. गोदावरी, पूर्णा व दुधना या नद्या त्यातून वाहतात. पाऊसकाळ चांगला झाला, की ज्वारीची कणसे भरतात, कापसाची बोंडे फुटतात आणि सारे शिवार माणसांनी गजबजून जाते. पेरणी, खुरपणी, वेचणी, काढणी, मळणी अशी कामे एकामागून एक निघतात. परंतु येथील पुष्कळशी शेती आभाळाकडे डोळे लावून बसणारी आहे. एखाद्या वर्षी पावसाने पाठ फिरवली, तर उभी पिके करपून जातात. शेतकऱ्याला निदान जमिनीचा आधार असतो. पण ज्याच्याजवळ आपल्या दोन हातांवाचून दुसरे भांडवल नाही, त्या मजुराने काय करावे? काम नाही म्हणून मजुरी नाही, आणि मजुरी नाही म्हणून चूल पेटत नाही. मग तो बिऱ्हाड पाठीवर घेऊन ऊस तोडण्यासाठी किंवा शहरात मोलमजुरी करण्यासाठी दूरच्या मुलखात निघतो. घराला कुलूप लागते व मुलांची शाळा सुटते.

दुष्काळ महाराष्ट्राला नवा नाही. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांची कथा आपल्याकडे घरोघरी सांगतात. लोक अन्नावाचून तडफडत असताना त्यांनी बादशहाची धान्याची कोठारे खुली केली, असे त्या कथेत आहे. दामाजीपंतांची दया थोर होती यात शंका नाही. परंतु जेथे असा दयाळू अधिकारी नसेल, तेथील लोकांनी काय करावे? भुकेल्या माणसाचे प्राण कोणा एकाच्या दयेवर अवलंबून असावेत काय? आणि ज्याच्या अंगात कष्ट करण्याची ताकद आहे, त्याने दान का म्हणून मागावे? त्याला काम मागण्याचा हक्कच असू नये काय?

हा प्रश्न ज्यांच्या मनाला लागून राहिला आणि ज्यांनी त्याचे उत्तर कायद्याच्या रूपाने मिळवून दिले, त्यांचे नाव विठ्ठल सखाराम पागे. महाराष्ट्र त्यांना वि. स. पागे या नावाने ओळखतो. रोजगार हमी योजनेचे जनक म्हणून त्यांचे नाव आदराने घेतले जाते.

पागे यांचा जन्म 21 जुलै 1910 रोजी सांगली जिल्ह्यातील बागणी या गावी झाला. परभणीपासून हे गाव पुष्कळ दूर, महाराष्ट्राच्या दक्षिण भागात आहे. कृष्णा व वारणा या नद्यांच्या काठी त्या जिल्ह्यात हिरवीगार शेते दिसतात; पण नदीचा काठ सोडून पूर्वेकडे गेले, की तेथेही कोरडवाहू जमीन, उघडे माळ आणि बेभरवशाचा पाऊस आहे. पागे यांचे पुढील आयुष्य ज्या विसापूर गावाशी जोडले गेले, ते तासगाव तालुक्यातील गाव अशाच भागात आहे. म्हणून परभणीच्या मजुराचे दुःख त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नाही. तेच दुःख त्यांनी आपल्या गावच्या शिवारात पाहिले होते.

त्यांनी कायद्याचे शिक्षण घेतले होते. संतांच्या वाङ्मयाचीही त्यांना मनापासून गोडी होती. त्यांचे तारुण्य स्वातंत्र्याच्या लढ्याच्या काळात गेले. महात्मा गांधींच्या हाकेने त्या वेळी गावोगावचे तरुण भारावून गेले होते. पागेही त्या चळवळीत उतरले व त्यांनी तुरुंगवास सोसला. खेड्यातील शेवटच्या माणसाच्या घरी सुख पोहोचले, तरच स्वातंत्र्याला अर्थ आहे, ही गांधीजींची शिकवण त्यांच्या मनात कायमची रुजली.

1947 साली देश स्वतंत्र झाला. परभणी व मराठवाड्यातील इतर जिल्हे तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते. ते सप्टेंबर 1948 मध्ये मुक्त झाले. पुढे 26 जानेवारी 1950 रोजी भारताचे संविधान अमलात आले. आपल्या आर्थिक सामर्थ्याच्या मर्यादेत राज्याने नागरिकांच्या काम मिळण्याच्या हक्काची सोय करावी, असे मार्गदर्शक तत्त्व संविधानाच्या 41 व्या अनुच्छेदात सांगितले आहे. तथापि मार्गदर्शक तत्त्व म्हणजे जणू दूरवर दिसणारा दीपस्तंभ. तो दिशा दाखवतो; पण तेथवर जाण्याची वाट माणसांनीच तयार करावी लागते. ही वाट तयार करण्याचे काम पुढे पागे यांच्या हातून व्हायचे होते.

1 मे 1960 रोजी महाराष्ट्र राज्याची स्थापना झाली. त्याच वर्षी पागे विधान परिषदेचे सभापती झाले. हे पद त्यांनी 1978 पर्यंत, म्हणजे सुमारे अठरा वर्षे, सांभाळले. सभापतीचे आसन मोठ्या मानाचे असते. पण सभापती हा मंत्री नव्हे. त्याच्या हाती एखादे खाते नसते की खर्च करण्यासाठी तिजोरी नसते. सर्व पक्षांच्या सभासदांना सारखी वागणूक द्यावी आणि सभागृहाचे काम नीट चालवावे, हे त्याचे कर्तव्य. एखाद्याने तेवढ्यावरच समाधान मानले असते. पागे यांनी मात्र या पदावरून जे दिसते व जे कळते, त्याचा उपयोग गरिबांसाठी करावयाचे ठरवले. हुकूम देण्याचा अधिकार त्यांना नव्हता; पण लोकांना पटवून देण्याची चिकाटी त्यांच्याजवळ भरपूर होती.

त्यांच्या योजनेचा उगम अगदी घरगुती बोलण्यातून झाला, असे सांगतात. विसापूरची शेती त्यांच्या पत्नी पाहत असत. शेतात ताली घालणे, बांध दुरुस्त करणे, जमीन सारखी करणे अशी कितीतरी कामे पैशावाचून पडून होती. आणि गावात मजूर मात्र रिकामे बसलेले होते. अमुक इतके रुपये हाती आले, तर आपल्या शेतावर किती माणसांना किती दिवस काम देता येईल, असे पागे यांनी पत्नीला विचारले. त्यांनी हिशेब करून सांगितला. तो ऐकून पागे विचारात पडले. एका शेतावर जर इतक्या हातांना काम मिळू शकते, तर साऱ्या गावात, साऱ्या तालुक्यात आणि साऱ्या राज्यात किती हातांना मिळेल! एकीकडे कामे पडून आहेत आणि दुसरीकडे हात रिकामे आहेत. या दोहोंची गाठ घालून दिली, तर भूकही भागेल आणि भूमीही सुधारेल. ही कल्पना त्यांनी मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांना पत्राने कळवली. नाईक स्वतः शेतीचे मोठे जाणकार होते. परभणी येथे 1972 साली स्थापन झालेल्या कृषी विद्यापीठाला पुढे त्यांचेच नाव देण्यात आले. त्यांना ही कल्पना पटली.

कल्पना कितीही चांगली असली, तरी ती आधी लहान प्रमाणावर करून पाहावी लागते. 1965 साली तासगाव तालुक्यात विसापूरच्या परिसरातील काही गावांत हा प्रयोग सुरू झाला. ज्याला काम हवे असेल त्याने मागावे आणि सरकारने ते द्यावे, असे त्याचे सरळ सूत्र होते. लोकांनी माती उचलली, बांध घातले, रस्ते केले. काम दिले तर माणसे आळशी होतील, ही भीती खोटी ठरली. घाम गाळून मिळवलेल्या मजुरीवर घर चालवण्यात कमीपणा नसतो, हे लोकांना ठाऊकच होते. त्यांना हवी होती ती केवळ संधी.

1972 साली ही योजना साऱ्या राज्यासाठी स्वीकारण्यात आली. तोच महाराष्ट्रावर फार मोठे संकट कोसळले. आधीच्या दोन वर्षांतही पाऊस पुरेसा झाला नव्हता. आणि 1972 साली तर त्याने दगाच दिला. मराठवाड्यात विहिरी आटल्या, गुरांना वैरण मिळेना, पेरलेले बी मातीतच राहिले. अशा वेळी नवी योजना बाजूला ठेवून सरकारला ठिकठिकाणी दुष्काळी कामे काढावी लागली. हजारो स्त्रीपुरुष रणरणत्या उन्हात खडी फोडू लागले, तलाव खोदू लागले, रस्त्यांवर माती टाकू लागले. 1973 च्या मे महिन्यात अशा कामांवरील मजुरांची संख्या पन्नास लाखांच्या घरात गेली. कामावर सुकडी वाटली जाई. परदेशातून आलेली मिलो नावाची तांबडी ज्वारी लोकांनी त्या वर्षी खाल्ली. ज्यांनी तो काळ पाहिला, ते बहात्तरचा दुष्काळ कधीच विसरले नाहीत.

त्या दुष्काळाने फार हाल केले. पण त्याने एक मोठा धडाही दिला. लाखो लोकांना काम मिळाले, म्हणून जुन्या काळच्या दुष्काळांत होई तसा मनुष्यसंहार टळला. एवढे मोठे काम सरकारला करता येते, हे सर्वांना दिसले. मात्र दुष्काळ जाहीर झाला तरच कामे निघावीत आणि पाऊस पडताच ती बंद व्हावीत, एवढ्याने पागे यांचे समाधान होणारे नव्हते. मजुराच्या घरी सरकारी कागदावर दुष्काळ नसतानाही उपासमार असते. पावसाळा चांगला झाला, तरी उन्हाळ्यात त्याचे हात रिकामेच राहतात. म्हणून कामाची हमी दर वर्षी आणि बाराही महिने असली पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. दुष्काळ ओसरल्यावर योजना पुन्हा सुरू झाली, ती याच विचाराने.

आता सर्वांत अवघड प्रश्न पुढे आला. एवढ्या लोकांना मजुरी द्यावयाची, तर पैसा आणावयाचा कोठून? याचे उत्तर महाराष्ट्राने मोठ्या धाडसाने दिले. 1975 साली व्यवसाय कर लागू झाला. शहरांतील नोकरदार, व्यापारी, वकील, डॉक्टर अशा मिळवत्या लोकांनी आपल्या उत्पन्नातून थोडी रक्कम द्यावी, असे ठरले. त्याशिवाय इतरही काही करांवर अधिक आकारणी करण्यात आली आणि जमा झालेल्या रकमेत राज्य सरकारने आपली भर घातली. मुंबईतील कारकुनाच्या पगारातून कापले जाणारे थोडे रुपये खेड्यातील मजुराच्या हाती मजुरी म्हणून पडू लागले. दोघांनी एकमेकांना कधी पाहिले नव्हते. पण शहर आणि खेडे ही एकाच कुटुंबाची माणसे आहेत, हे या कराने दाखवून दिले.

तरीही पागे यांच्या मनाला स्वस्थता नव्हती. योजना ही सरकारच्या इच्छेवर चालते. आजच्या सरकारने सुरू केलेली योजना उद्याचे सरकार बंद करू शकते. हक्क टिकवायचा असेल, तर त्याला कायद्याचा आधार हवा. 1977 साली महाराष्ट्राच्या विधिमंडळाने रोजगार हमीचा कायदा एकमताने संमत केला. एरवी एकमेकांवर कडाडून टीका करणारे पक्ष या प्रश्नावर एक झाले. राष्ट्रपतींची संमती मिळाल्यावर 26 जानेवारी 1979 रोजी, म्हणजे प्रजासत्ताक दिनी, तो कायदा अमलात आला. योजनेचा आरंभ झाला तेव्हा वसंतराव नाईक मुख्यमंत्री होते. त्यांच्यामागून शंकरराव चव्हाण आले, वसंतदादा पाटील आले, नंतर शरद पवार आले. सरकारे बदलली, परंतु मजुराला दिलेला शब्द बदलला नाही.

या कायद्याने काय दिले, ते नीट समजून घेतले पाहिजे. खेड्यात राहणारा अठरा वर्षांवरील कोणीही स्त्री वा पुरुष अंगमेहनतीचे काम करण्यास तयार असेल, तर त्याने आपले नाव नोंदवून कामाची मागणी करावी. आणि मागणी आल्यापासून पंधरा दिवसांच्या आत त्याला काम मिळावे, अशी तरतूद होती. काम देता आले नाही, तर सरकारने बेकारी भत्ता द्यावा, असेही त्यात होते. ही भत्त्याची रक्कम फार थोडी, दिवसाला एक रुपया एवढीच होती. पण तिचा अर्थ मोठा होता. काम मिळाले नाही, तर तो मजुराचा दोष नसून सरकारची उणीव आहे, असा तिचा अर्थ होता. मजुरी केलेल्या कामाच्या मोजमापाप्रमाणे मिळे आणि स्त्री व पुरुष यांना दर सारखाच असे. जेथे वर्षानुवर्षे बाईच्या हाती पुरुषापेक्षा कमी पैसे पडत, तेथे हा फरक लहान नव्हता. कामावर पिण्याचे पाणी असावे, सावली असावी, आयांच्या तान्ह्या मुलांना सांभाळण्याची व्यवस्था असावी, असेही नियम करण्यात आले. पुढे राज्यभर या कामांवर स्त्रिया फार मोठ्या संख्येने येऊ लागल्या.

कामेही अशी निवडावयाची होती, की ज्यांतून पुढील वर्षी दुष्काळाचा जोर कमी व्हावा. पाझर तलाव, नाल्यांवरील बांध, शेतांची बांधबंदिस्ती, विहिरी, वृक्षलागवड व गावाला जोडणारे रस्ते ही ती कामे होत. पाझर तलावाचे उदाहरण घ्या. ओढ्याला आडवा मातीचा बांध घातला, की पावसाचे पाणी वाहून न जाता तेथेच अडते. ते हळूहळू जमिनीत मुरते आणि खालच्या बाजूच्या विहिरींना पाणी वाढते. पाणी वाढले, की शेतात दुसरे पीक निघते, आणि पीक निघाले, की मजुराला शेतावरच काम मिळते. आज घमेल्याने उचललेली माती अशा रीतीने उद्याची भाकरी देते. पागे यांना मजुराला केवळ पोसावयाचे नव्हते. त्याच्या श्रमातून गावाचे धन वाढवावयाचे होते.

ही योजना सर्व ठिकाणी निर्दोष चालली, असे मात्र म्हणता येणार नाही. कोठे मजुरी वेळेवर मिळाली नाही, कोठे हजेरीपटावर खोटी नावे लिहिली गेली, कोठे तलावाची जागा चुकली व पाणी साठलेच नाही. मागणी करूनही कामाची वाट पाहत बसावे लागले, अशीही उदाहरणे घडली. अशा वेळी मजुरांच्या संघटनांनी मोर्चे काढले, तहसील कचेरीवर जाऊन जाब विचारला. परंतु यातच कायद्याचे सामर्थ्य दिसून आले. पूर्वी मजूर हात जोडून विनवणी करीत असे. आता तो ताठ मानेने आपला हक्क मागू लागला. दान देणाऱ्याला उशीर का झाला, असे कोणी विचारू शकत नाही. देणे लागणाऱ्याला मात्र ते विचारता येते.

1978 साली पागे सभापतिपदावरून निवृत्त झाले. पद गेले, तरी त्यांनी हाती घेतलेले काम पुढे चालूच राहिले. 16 मार्च 1990 रोजी त्यांचे निधन झाले. ज्यांच्यासाठी ते झटले, त्या मजुरांपैकी बहुतेकांनी त्यांना कधी पाहिलेही नसेल. कित्येकांना त्यांचे नावही ठाऊक नसेल. पण दुपारच्या उन्हात खोदकाम करून संध्याकाळी मजुरी घेऊन घरी जाणाऱ्या बाईच्या पदरात जे पैसे होते, त्यांत पागे यांच्या चिंतनाचा वाटा होता.

महाराष्ट्राने लावलेला हा दिवा पुढे साऱ्या देशाने पाहिला. 2005 साली भारताच्या संसदेने ग्रामीण रोजगार हमीचा कायदा केला. ग्रामीण भागातील प्रत्येक कुटुंबाला वर्षातून शंभर दिवस कामाची हमी त्या कायद्याने दिली, आणि 2006 पासून तो टप्प्याटप्प्याने देशभर लागू झाला. तो तयार होताना महाराष्ट्राचा अनुभव सर्वांच्या डोळ्यांपुढे होता. विसापूरच्या शिवारात काही गावांपुरता सुरू झालेला प्रयोग चाळीस वर्षांनी भारताचा कायदा झाला.

पागे यांनी सैन्य जिंकले नाही की राजवाडे बांधले नाहीत. त्यांनी एक साधा प्रश्न विचारला, त्याचे उत्तर आपल्या शेताच्या बांधावर शोधले आणि ते कायद्यात उतरेपर्यंत धीर सोडला नाही. भुकेल्याला घास देणारा माणूस थोर खराच. परंतु भुकेल्याला स्वतःच्या कष्टाचा घास हक्काने मिळावा, अशी व्यवस्था जो करतो, त्याचे उपकार पिढ्यान् पिढ्या टिकतात. गावाबाहेरच्या एखाद्या पाझर तलावाच्या बांधावर आपण उभे राहिलो, तर दोन गोष्टींचे स्मरण ठेवावे. तो बांध ज्यांनी टोपल्या टोपल्यांनी रचला, त्या नाव नसलेल्या हातांचे. आणि त्या हातांना काम मागण्याचा मान मिळवून देणाऱ्या वि. स. पागे यांचे.